सहीआधीचा हात

"सही करण्याआधी हात फिरव, पोरी. डोळे घाईत असतात." निवृत्त रेगेसरांचं हे सांगणं आठवत इंजिनिअर शलाका नुकत्याच धुतलेल्या विमानाच्या अंगावरून तळवा फिरवत होती.

"मॅडम, दीडशे प्रवासी बसलेत. तुमची प्रदक्षिणा कधी संपणार?" वैमानिकानं चिमटा काढला.

"अर्धी राहिलीय," ती म्हणाली, आणि बोट अडखळलं. उंची आणि वेग मोजणाऱ्या बारीक भोकांवर धुताना पाणी शिरू नये म्हणून लावलेली पट्टी तशीच राहिली होती, अगदी पत्र्याच्या रंगाची. वर गेल्यावर उंची-वेगाचे काटे खोटं बोलले असते. तिनं ती ओरबाडून काढली. आनंदानं तिनं ती वैमानिकासमोर धरली. देवानंच बोट धरून तिथवर नेलं होतं. वैमानिकानं टोपी काढली.

विमान सुखरूप उडालं, तसे ते धुणारे भिकाजीमामा जवळ आले. "ताई, पट्टी टाकून द्या. नोकरी जाईल माझी."

"लपवली तर उद्या दुसरं कुणी विसरेल, मामा. सहज दिसेल अशी लाल पट्टी का देत नाहीत, तेही विचारू. तुम्हाला एकटं सोडणार नाही."

पट्टी मुठीत धरून, मामांच्या संथ चालीनं, ती साहेबांच्या खोलीकडे निघाली.