मागच्या रांगेतलं हसू

“एक शब्द आला तरी फिल्म बाद,” परीक्षकबाईंनी दिवे मालवण्याआधी पुन्हा बजावलं. सकाळीच एक बाद झाली होती; तिच्यात शेजारचा पोपट ‘या, बसा’ म्हणाला होता.

ही शेवटची. ती बनवणारी मुलगी भिंतीला टेकून उभी होती. पहिली येणारी फिल्म शहरातल्या थिएटरात आठवडाभर दाखवणार होते, आणि तिची तर ही पहिलीच.

पडद्यावर ती स्वतः आणि तिचे वडील. वडील शिंपी. मशीनवर मान खाली घालून बसलेले. लेक कामावरून येते, दिव्याचं बटण दोनदा खालीवर करते. बाप मान वर करून हसतो. बाईंना ही खोडी फार आवडली.

मग चहा. बाप घोट घेतो, कप खाली ठेवतो, लेकीकडे बघतो, हवेत कापड बेतल्यासारखी बोटं फिरवतो, पुन्हा कप उचलतो. चहा पार निवून जातो.

“काय हात आहेत हो या माणसाचे,” बाई हळूच म्हणाल्या.

“त्या मागच्या रांगेला कुणीतरी समज द्या,” शेजारी बसलेले स्पर्धेचे सेक्रेटरी कुरकुरले. “मघापासून उगाच खिदळतायत.”

“बोलत तर नाहीत ना? मग हसू द्या.”

शेवटी लेक बापाच्या केसांना कलप लावायला घेते. गळ्याभोवती जुनी चादर. बापाचे हात चादरीबाहेर येतात, लेक ते आत कोंबते. पुन्हा बाहेर, पुन्हा आत. कलपाचा ओघळ थेट नाकावर.

मागची रांग पोट धरून हसली. बाईंनी चष्मा काढून डोळे पुसले. आपल्या वडिलांच्या डोक्याला आपण कधी हातही लावला नाही, हे त्यांना आत्ता आठवलं.

निकालावर चर्चा झालीच नाही. बाईंनी मुलीला पुढे बोलावलं.

“पहिली तूच गं. आता नियम आहे म्हणून विचारते, यात एकही शब्द नाही, बरोबर?”

मुलीने वडिलांकडे पाहिलं. ते मागच्या रांगेत, मित्रांच्या मधोमध बसले होते.

“तसं नाही म्हणता येणार, बाई. बाद करा हवं तर.”

“अगं, मला तर काहीच ऐकू आलं नाही.”

“ऐकू बाबांनाही येत नाही. त्या रांगेत कुणालाच येत नाही. पण मी बाबांचे हात चादरीत का कोंबत होते? घटकाभर तरी गप्प बसावेत म्हणून.”