खात्रीचा आवाज

रेडिओवर आयुष्यभर मराठी बातम्या वाचून जलालुद्दीन वसमतजवळच्या आपल्या गावी राहायला आले होते. सरपंचपदाची निवडणूक लागली आणि एका उमेदवाराचा पुतण्या, स्वप्निल, घरी आला.

"चाचा, बातम्यांच्या आवाजात एवढं रेकॉर्ड करून द्या. नर्मदाबाईनं शाळेतल्या लेकरांचा तांदूळ विकला."

"कुणी तपासलं?"

"प्रचारात कोण तपासून राहिलं?"

"मग मी वाचणार नाही."

"ऱ्हाऊ द्या. तुमच्या जुन्या बातम्या हायेत यूट्यूबवर. त्याच्यावरून कॉम्प्युटर बराबर तुमच्यावानी बोलतो."

बाजाराच्या दिवशी प्रचाराच्या रिक्षातून जलालुद्दीन यांचा तरुणपणीचा आवाज आला. आधी त्यांचं नाव, मग तांदळाची बातमी. कुठं अडखळणं नाही. विरोधी उमेदवार नर्मदाबाई मतं मागत तिथंच उभ्या होत्या. त्यांच्या भोवतीच्या बायका एकेक करून बाजूला झाल्या.

जलालुद्दीन रिक्षासमोर जाऊन उभे राहिले. "हे मी वाचलेलं नाही. मशीननं माझा आवाज बनवलाय. बातमी खोटी आहे."

शेजारच्या ग्यानबानं त्यांचा हात धरला.

"कुणी दम दिला, जलालभाई? भिऊ नका, आमी हाव ना. तुमच्या तोंडून कधी खोटी बातमी गेली न्हाई, हे साऱ्या गावाला ठावं हाय. त्या बाईला एक मत पडू देत न्हाई."