टेडी प्रेंटिसचा रोममधला आवाज

आवाज हा माणसाचा आत्मा असतो आणि आत्म्याला वारस नसतो, असं फुल्वियो मारांगोनीनं स्टुडिओखालच्या कॉफी बारमध्ये जाहीर केलं. काउंटरमागच्या बाईनं साखर हवी का विचारलं. फुल्वियोचा आत्मा पन्नासएक वर्षं टेडी प्रेंटिस नावाच्या अमेरिकन नटाच्या तोंडून बोलत होता, हे गल्लीत सगळ्यांना ठाऊक होतं. अशा वाक्यांचं तिथं कुणाला अप्रूप नव्हतं.

त्या दिवशी मात्र वाक्यामागे कारण होतं. खुद्द टेडी प्रेंटिस रोमला येणार होता. डबिंगची दिग्दर्शिका इनेस हिनं सकाळीच बातमी दिली होती. टेडी दोन वर्षं गुपचूप इटालियन शिकत होता. त्याच्या शेवटच्या चित्रपटाचं डबिंग आता सुरू व्हायचं होतं, आणि त्याआधी गुरुवारी त्याला स्टुडिओत फुल्वियोला भेटायचं होतं.

"स्वतःच बोलणार असेल," इनेस म्हणाली. "नट म्हातारे झाले की असले डोहाळे लागतात."

फुल्वियो पहिल्यांदा टेडीच्या तोंडून बोलला तेव्हा दोघंही आठ वर्षांचे होते. फुल्वियोची आई डबिंगमध्ये परक्या राण्यांची भांडणं करायची. एकदा ठरलेल्या मुलाला गालगुंड झालं, तर तिनं आपल्याच पोराला फळांच्या खोक्यावर उभं केलं. अंधारात, पडद्यावर, छोटा टेडी मेलेल्या घोड्यासाठी रडत होता. त्याचं तोंड उघडलं की उघड, मिटलं की मिट, एवढंच आईनं सांगितलं. फुल्वियो घोड्यासाठी खरोखरच रडला, आणि पडदा विझल्यावरही थांबेना.

पुढे दोघांचे आवाज एकाच सुमारास फुटले, तेव्हा निर्मात्यांनी चर्चमध्ये मेणबत्त्या लावल्या. टेडीनं लढाया जिंकल्या, जहाजं बुडवली, राजकन्यांना नकार दिला. फुल्वियोनं हे सगळं मऊ तळव्यांचे बूट घालून, एका जागी उभ्यानं केलं. दुसऱ्या नटाला आवाज देऊन पाहिला, तर लोक म्हणाले, "हा टेडी इथं काय करतोय?" बाजारातला मासेवाला त्याला कप्तान म्हणायचा. मागे कुठल्याशा बातमीत टेडीचा मूळ आवाज ऐकू आला, बारीक आणि नाकातला. तेव्हा फुल्वियोची सासू हळहळली, की बिचाऱ्याला सर्दी झालीये.

बुधवारी जेवताना फुल्वियोनं ताटातल्या आर्टिचोकला हात लावला नाही.

"पेन्शनीत निघायचं वय झालं तुझं," बायको ओर्नेला म्हणाली. "जाऊ दे की."

कामाचं दुःख नाही, असं त्यानं तिला समजावलं. मग म्हणाला, "त्याचा आवाज काढून घेतला, तर माझ्याकडे कुठला उरतो, तेच मला माहीत नाही गं."

"घोरतोस तो तुझाच असावा," ओर्नेला म्हणाली, आणि त्याचं ताट जवळ ओढता ओढता तिनं त्याच्या हातावर हात ठेवला.

गुरुवारी टेडी वेळेवर आला. पडद्यावर दिसायचा त्यापेक्षा बुटका होता, आणि फुल्वियोला पाहून त्याचे डोळे भरून आले होते.

"अखेर नियतीनं आपली गाठ घातलीच," तो इटालियनमध्ये म्हणाला.

"असं बोलायला शिकला कुठं हा?" इनेस कुजबुजली.

"माझ्याकडे," फुल्वियो म्हणाला. ते वाक्य त्यानंच एका समुद्री चाच्याच्या तोंडी घातलं होतं.

टेडीनं एका जुन्या चित्रपटातला निरोपाचा प्रसंग लावायला सांगितला आणि स्वतः माइकसमोर उभा राहिला. दिवे मालवले. पडद्यावरचा तरुण टेडी बोलू लागला, आणि अंधारातला म्हातारा टेडी त्याच्या ओठांना इटालियन शब्द लावू लागला. बोलण्यातले विराम सगळे फुल्वियोचे होते. 'अलविदा'च्या आधीचा तो छोटासा श्वाससुद्धा. आवाज तेवढा बारीक होता, नाकातला. आपल्या घरात कुणी आपल्याच चपला घालून फिरावं, तसं फुल्वियोला वाटलं.

दिवे लागले.

"खरं सांगा," टेडीनं विचारलं. "वाटतो का मी?"

"कोण?"

"मी."

इनेसनं खिडकीकडे तोंड फिरवलं. 'वाईट झालंय' असं फुल्वियोला म्हणता आलं असतं. निर्मात्यांनी त्याचं ऐकलंही असतं. पण मेलेल्या घोड्यासाठी रडणारा तो मुलगा त्याला आठवला.

"चेहरा तुमचा आहे," तो म्हणाला. "मी इतकी वर्षं नुसता राखणीला होतो. शेवटचा चित्रपट तुम्हीच बोला. लोकांना सवय होईल. श्वास मात्र थोडा उशिरा घ्या."

टेडी गोंधळून एकदा त्याच्याकडे, एकदा इनेसकडे बघत राहिला.

"चित्रपट? छे, छे. चित्रपट तुम्हीच बोलायचा, ते मी लिहून दिलंय." मग त्यानं खिशातून फोन काढला आणि ओशाळून पुढे केला. "मी उंब्रियात घर घेतलंय. डोंगरावर, एकटाच राहतो. गावात सगळे मला तोतया समजतात, म्हणतात, चेहरा बरा जमलाय, पण आवाजावरून पकडला गेलास. म्हणून एवढा सराव केला, तरी कुणी ऐकेना. प्लंबर तर नाव सांगितलं की शिवी देऊन फोन ठेवतो. तेवढं आपण त्याला सांगाल का, की टेडी प्रेंटिस बोलतोय आणि बॉयलर बंद आहे?"