थांबेल तेवढंच उरतं

"अजून ओढ. चुणी राहिली तर डोंगराला घडी पडेल," शिडीवरून ती म्हणाली.

नणंदेनं पांढरं कापड ताणून खिळ्याला अडकवलं. "घे, झाला तुझा डोंगर इस्त्री करून."

एरवी ती हसली असती. नवरा गेल्यापासून तिला हसू येत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर रडूही येत नव्हतं. जेवायची, झोपायची, कामाला लागायची. आत सगळं बधिर.

हिवाळ्यात दोघांचं कडाक्याचं भांडण झालं. त्यानं बॅग भरली, अंगात स्वेटर चढवला आणि डोंगरावरच्या आडवाटेनं स्टेशनकडे चालता झाला. मागून फोनवर एवढंच आलं, 'मला शोधू नका.' मग कोण कशाला शोधतंय! नातेवाइकांनी नाकं मुरडली, त्याच्या ऑफिसातल्या कुठल्याशा बाईचं नाव जोडलं आणि मोकळे झाले. दादा परत येईल, असं एकटी नणंद म्हणत राहिली.

तिचा कॅमेरा त्या भांडणाच्या आधीपासून डोंगरासमोरच्या माळावर, पडक्या चौकीच्या गच्चीत लावलेला होता. थोड्या थोड्या वेळानं आपोआप डोंगराचा एक फोटो काढायचा. इतके महिने तिकडे फिरकायचा तिला धीर झाला नाही. प्रदर्शन अगदी तोंडावर आलं तेव्हा कुठे जाऊन कार्ड काढून आणलं. फोटो एकेक न बघताच कॉम्प्युटरला दिले, त्यानं सगळ्यांचं मिळून एक चित्र केलं. छोट्या पडद्यावर तिनं नुसती नजर टाकली होती.

"काय गं वहिनी, इतक्या फोटोंत एक माणूस नाही? एखादी मेंढीसुद्धा नाही?" कॉम्प्युटरवरच्या चित्रात डोकावत नणंदेनं विचारलं.

"फोटो एकावर एक रचले की हलणारं पुसलं जातं. थांबेल तेवढंच उरतं."

"म्हणजे दादाही..."

"पुसला गेला." कितीतरी महिन्यांनी तिचा राग उसळला. "माझ्यापाशी थांबायचंच नव्हतं त्याला! थांबला असता तर दिसला असता."



हॉलच्या मॅनेजरबाईंनी दिवे घालवून प्रोजेक्टर लावले. डोंगर तीन भिंतींवर पसरला, छताला टेकला. ती मागच्या खुर्चीत जाऊन बसली. आपलंच काम बघायची तिला इच्छा नव्हती.

नणंद मात्र कापडाच्या कडेकडेनं निघाली. वाट, वाटेचं वळण, वळणाखालचा कडा. कड्याखालच्या घळीपाशी ती वाकली.

"अगं, नव्या कोऱ्या कापडावर डाग! तरी मी हात धुऊन आले होते."

तिनं ओढणीनं पुसून पाहिलं. डाग निघेना. उलट तिच्या ओढणीवर उमटला, मग तळहातावर, तांबडा.

"राहू दे, उद्या बदलू कापड," ती बसल्या जागेवरून म्हणाली.

नणंद तशीच तळहाताकडे बघत उकिडवी बसली होती.

"हा मी विणलेला स्वेटर आहे. वहिनी, दादा गेलाच नाही गं."