काळं जाकीट

"हात वर करा, बाबा."

"कशाला? मी काय नाताळचं झाड आहे?"

कॉरिनच्या हातातली दिव्यांची माळ तशीच लोंबत राहिली. तंबूबाहेर सूर्य डोंगरामागे गेला होता. नेव्हाडाच्या त्या पांढऱ्या, सपाट वाळवंटात, अंधारात गाड्यांना दिसावं म्हणून, एकेक माणूस उजळायला लागला होता. कुणाच्या टोपीवर निळे दिवे, कुणाच्या सायकलच्या चाकांत लाल. म्हातारा लाइल मात्र काळं जाकीट गळ्यापर्यंत बंद करून खुर्चीत बसला होता. आत नुसता सुती शर्ट. कॉरिनने त्याच्यासाठी जाड, केसाळ कोट आणला होता, त्याच्या बाह्यांवर दिवे स्वतः टाचले होते. लाइलने तो उलटसुलट करून पाहिला आणि बाजूला टाकला.

"रात्री गोठायला होतं इथे, बाबा."

"मला शिकवतेस? या वाळवंटाच्या कडेला जन्म गेलाय माझा."

वाळवंटात दरवर्षी भरणाऱ्या या कला-उत्सवाला ती त्याला कित्येक वर्षं बोलवत होती. यंदा तिने इथे घराएवढा उंच लाकडी बगळा उभारला होता, म्हणून तो एकदाचा आला. आणि आल्यापासून दोघं दिव्यांवरून भांडत होती.

शेजारच्या तंबूतला टोबायस डोकावला. "अजून इथेच? उजेड आहे तोवर बगळा बघायला निघा की."

"ते यांना सांग!" कॉरिन खेकसली. तिने माळ खिशात कोंबली, कोट खांद्यावर टाकला आणि चालायला लागली. तिच्या स्वतःच्या अंगावर दिवे होतेच. लाइल मागोमाग निघाला.

बगळा लांब होता, अन् मैदानात रस्ता असा नव्हता. निम्म्या वाटेत अंधार पडला, वारा सुटला.

"कोट घ्या."

"नको."

"दात वाजतायत तुमचे."

"वाजू देत. माझेच आहेत."

तिच्या दिव्यांचाही त्याला जाच होत असावा. तो झपाझप पुढे गेला आणि दिसेनासा झाला. तेवढ्यात डावीकडून जहाजाच्या आकाराची एक बस गाणी वाजवत आली. एकदम ब्रेक लागले. वाट दाखवत बसच्या पुढे चालणारी मुलगी किंचाळली, "ओ काळोखी आजोबा! चिरडून घ्यायचंय का? दिवे लावा, दिवे!"

वरच्या मजल्यावर हशा पिकला. बस वळसा घालून निघून गेली.

कॉरिन धावत पोचली. "झालं समाधान? एवढ्याचसाठी बोलावलं होतं का मी तुम्हाला? इथे मरायला?"

लाइल धुळीकडे बघत उभा होता. "एमेट आठवतो?"

"तुमच्याबरोबर हायवेच्या कामावर होता तो? अपघातात गेला ना?"

"नारिंगी जाकीट, चमकणारे पट्टे, हेल्मेटवर दिवा. सगळं होतं त्याच्या अंगावर. दारुड्याने गाडी नेमकी त्या उजेडावर घातली. मी शेजारीच होतो. लघवीला म्हणून जाकीट काढून अंधारात गेलो होतो. मला साधं खरचटलंही नाही."

हे तो घरात कधी बोलला नव्हता. इथल्या गाड्या गोगलगायीसारख्या चालतात, इथे तसं होत नाही, असं सगळं कॉरिनच्या ओठांवर आलं. खरंही होतं ते. पण त्याच्या तोंडाकडे बघून तिला ते बोलता येईना. राग तर होताच, फक्त आता तो काढायचा कुणावर ते कळत नव्हतं. तिने कोट उलगडला, दिव्यांचं बटण बंद आहे ना ते चाचपलं आणि कोट जवळजवळ त्याच्या अंगावर फेकला. त्याने मुकाट्याने बाह्यांत हात घातले.

दोघं पुन्हा चालायला लागली. गाड्या डावीकडून येत होत्या, म्हणून कॉरिन त्याच्या डाव्या हाताला झाली. थोडं चालल्यावर लाइल मागे रेंगाळला आणि तिच्या पाठीमागून डावीकडे आला.

"बाबा, तुम्ही त्या बाजूने चाला."

"तू चाल त्या बाजूने."

तिने बाही धरून त्याला उजवीकडे ओढलं आणि स्वतः डावीकडे गेली. चार पावलं झाली नाहीत तोच तो पुन्हा वळसा घालून तिच्या डाव्या अंगाला आला.