शब्द बदला, नावं तशीच

प्रकाशकाने बजावलं होतं, "शब्द तेवढे बदला, नावं तशीच ठेवा. कुणाच्या बापालाही कळणार नाही." पुस्तक माझ्याच सरांचं, उष्मागतिकीवरचं. मी कॉलेज सोडल्यावर त्यांनी लिहिलं होतं, त्यामुळे कधी उघडूनही बघितलं नव्हतं. आता ते दुकानात मिळत नव्हतं आणि सरही थकले होते. नव्या मुखपृष्ठावर माझं नाव येणार होतं.

लेक वाचून दाखवायची, मी शब्द फिरवून टाइप करायचो. 'बंद भांड्या'चं 'झाकलेलं पात्र' झालं, 'उष्णता वाहते'चं 'ऊब सरकते' झालं. शास्त्रज्ञांच्या नावांना मात्र धक्का लावला नाही. दुसऱ्या नियमापाशी आलो तोवर आम्ही दोघंही हसून हसून बेजार झालो होतो.

"'मागच्या बाकावरच्या आमच्या शंकासुराने एकदा विचारलं, गार झालेला चहा आपला आपण पुन्हा गरम का होत नाही? त्या दिवशी मला धड उत्तर देता आलं नाही. ते देण्यासाठीच हे पुस्तक लिहायला घेतलं.'" लेक थांबली. "बाबा, शंकासुर हे नाव ना? मग तसंच ठेवायचं?"

"नको. 'एका विद्यार्थ्याने' घालतो."

"पण नावं बदलायची नाहीत ना?"

"एवढं एकच," मी तिच्याकडे न बघता म्हणालो.

तीन वर्षं सर मला त्याच नावाने हाक मारायचे.