आयते आलेले लखलखे

लखलखे म्हणजे डोंगरातले जिवंत स्फटिक. सशाएवढे, आणि माणसाची चाहूल लागली की कपारीत गुडूप होणारे. धाकटा दीर डोंगरावर जाऊन मोठ्या मुश्किलीने एखादा पकडून आणायचा आणि पायथ्याच्या कारखान्यात नवरा-बायको त्याला कापून पैलू पाडायचे.

त्या दिवशी भरदुपारी लखलख्यांचा अख्खा कळप उतारावरून धावत आला आणि थेट कारखान्यात शिरला.

"अगं, आयतं घबाड चालून आलं!" नवऱ्याने घाईघाईने दार लोटून कडी घातली. "बघत काय बसलीस? खिडक्या लाव, नाहीतर पळतील."

बायकोने खिडक्या लावल्या. पायाशी बिलगलेला एक लखलखा तिने उचलला, तर तो सुटायची धडपड करेना. उलट तिच्या कुशीत शिरून नुसता किणकिणत थरथरत राहिला. समोर करवत धरली तरी हलला नाही.

"अहो, हे आपल्याला घाबरतच नाहीयेत."

"माणसाळले असतील. आपल्याला बरंच की!"

"मग थरथरतायत कशाला?" तिचा आवाज खाली गेला. "आणि भाऊजी अजून वरच आहेत ना?"

नवऱ्याचं हसू मावळलं. भावाला हाक मारायला म्हणून तो कडी काढायला धावला.

 

त्याच्याआधी सगळे लखलखे दाराशी पोचले, आणि एकमेकांवर चढून त्यांनी ते आतून दाबून धरलं.